काजळी नसलेला कोनाडा

प्रश्न : आम्ही सहा जण दर दुसऱ्या रविवारी कोथरूडला एका मित्राच्या फ्लॅटवर टेबलटॉप रोलप्लेइंग गेम (टेबलाभोवती बसून प्रत्येकाने एक पात्र घ्यायचं आणि बोलत-बोलत गोष्ट पुढे न्यायची, असा खेळ) खेळतो. जग मी रचलेलं आहे आणि खेळ मराठीत चालतो. त्यात सूर्यपीठ नावाचा राजमान्य धर्म आहे आणि त्यातून फुटलेला, डोंगरात लपलेला एक पाखंडी मठ आहे. मठावर मी चाळीस पानं लिहिली. खेळाडूंनी तो दुसऱ्याच सेशनला वीस मिनिटांत शोधला, मठाधिपतीला मारलं आणि पुढे निघाले. एक जण म्हणाला, ‘काळे झगे, मशाली, तळघर, हे काय सगळीकडे असतंच.’ फार वाईट वाटलं. आता मठ नव्याने उभा करून पुन्हा सुरुवात करायची आहे, हातात तीन आठवडे आहेत. मठ खरा कसा वाटेल? टिपणं सोबत जोडली आहेत. – म., कोथरूड

प्रिय म.,

चाळीसही पानं वाचली. त्यातली मेहनत दिसते आणि ती वाया जाणार नाही. अडचण एवढीच आहे की या पानांत मठाचा इतिहास आहे, मठाचा संसार नाही. स्थापना कोणी केली, कोणत्या लढाईत कोण पडलं, भविष्यवाणी काय होती, हे सगळं आलंय. पण ही चोवीस माणसं सकाळी उठून काय खातात, ते वर कोण आणून देतं आणि आणणाऱ्याचं तोंड कसं बंद राहतं, याबद्दल एक ओळ नाही. खेळाडूला इतिहास दिसत नसतो. त्याला झगा आणि मशाल दिसली, त्याने तेवढंच पाहिलं.

सुरुवात पाखंडापासून करू, कारण बाकी सगळं त्यावर टेकणार आहे. ‘सूर्यदेव मेला आहे आणि हे फक्त मठाला माहीत आहे’ असं तुम्ही लिहिलंय. ही घोषणा झाली. पाखंड घरातच जन्मतं: पंधरा आणे तेच मानायचं आणि एका आण्यावर अडून बसायचं. तो आणा असा हवा की तो खरा धरला तर मूळ धर्माची तिजोरी किंवा अधिकार हलला पाहिजे. युरोपातल्या फ्रान्सिस्कन संन्याशांचं उदाहरण घ्या. त्यांच्यातला कडवा गट म्हणायचा की दारिद्र्याचं व्रत घेतलं तर आखूड, जाडीभरडी कफनी घालायची आणि उद्यासाठी धान्य साठवायचं नाही. १३१७ मध्ये पोप बाविसावा जॉन याने आज्ञापत्र काढलं की कफनी कशी असावी आणि कोठारं ठेवावीत का, हे वरिष्ठ ठरवतील. जे नमले नाहीत त्यांपैकी चौघांना १३१८ मध्ये मार्सेय शहरात जाळलं. पुढे १३२३ मध्ये ‘ख्रिस्ताच्या आणि त्याच्या शिष्यांच्या मालकीचं काहीच नव्हतं’ हे ठामपणे म्हणणंच पाखंड ठरलं. वाद कफनीच्या लांबीचा आणि कणगीचा, पण त्यामागे प्रश्न होता चर्चच्या मालमत्तेचा आणि शब्द कोणाचा चालणार याचा.

तुमच्याकडे असं वाक्य तयार आहे, फक्त ते एकतिसाव्या पानावर एका कोपऱ्यात पडलंय. सूर्यपीठ शिकवतं की सूर्य रोज संध्याकाळी मरतो आणि घरोघरच्या पणत्यांच्या उजेडावर रात्री पुन्हा जिवंत होतो. म्हणून दर माणशी रोज एक पणती लावायची आणि तेल पीठाच्या घाण्यावरूनच घ्यायचं. म्हणजे हा करच आहे. मग मठाचं पाखंड असं ठेवा: ‘सूर्य मरत नाही, डोंगराआड जातो.’ बस. सूर्य त्यांनाही पूज्य, ग्रंथ तेच, सण तेच. पण हे वाक्य बाजारात पोचलं तर घाणे बंद पडतील. पीठ यांच्या मागे का लागलंय हे आता वेगळं समजवावं लागणार नाही, आणि दुष्ट कोण हेही तुम्हाला ठरवून द्यावं लागणार नाही.

आता हे वाक्य हातापायात उतरवा. अकराव्या शतकात जर्मनीतल्या गोस्लारला काही लोकांना पाखंडी म्हणून फाशी दिलं, तेव्हा त्यांची परीक्षा काय घेतली? कोंबडी मारायला सांगितली. जीवहत्या पाप मानणाऱ्यांनी ती मारली नाही आणि तेवढ्यावर ते पकडले गेले. श्रद्धा अशी हातातून फुटते. तुमच्या मठात ती दिव्यातून फुटेल. सूर्य मरतच नाही असं मानणारा माणूस त्याला जगवायला पणती लावणार नाही. म्हणजे जेवण उन्हं उतरायच्या आत उरकणार. सूर्यास्तानंतर पहिली चांदणी दिसेपर्यंत सगळे अंगणात गप्प बसणार. पुण्याच्या अक्षांशावर संधिप्रकाश वीस-पंचवीस मिनिटांत विरतो, तेवढी ही बैठक. मग अंधारातच आपापल्या खोलीत जायचं.

यातून खुणा आपोआप तयार होतात. प्रत्येक खोलीत पणतीसाठी कोनाडा आहे, कारण पीठाच्या दप्तरात हा साधाच मठ आहे आणि पीठाचा तपासनीस येतो. पण कोनाड्याच्या वरच्या दगडावर काजळी नाही. ओवरीच्या भिंतीवर कमरेच्या उंचीला एक गुळगुळीत, तुकतुकीत पट्टा आहे, कारण कित्येक वर्षं माणसं अंधारात भिंतीला हात लावून चालत आलीत. पट्टा वळणावर वळतो, दारापाशी तुटतो, आणि एके ठिकाणी दार नसताना तुटतो. (गुप्त दार असं सापडू द्या. पुस्तक ओढल्यावर कपाट सरकतं, हे आता पुरे.) जुन्या साधूंच्या पायांची बोटं ठेचा लागून वाकडी झालेली, नव्यांच्या बोटांना ताज्या जखमा. मठात कोण किती वर्षं आहे हे चपला काढताना कळतं.

संसाराचा हिशेब एकदा कागदावर मांडाच. चोवीस माणसं, माणशी रोज अर्धा किलो धान्य, म्हणजे दिवसाला १२ किलो आणि वर्षाला ४,३८० किलो. शंभर किलोची पोती धरली तर चव्वेचाळीस. डोंगरवाटेवर खेचराच्या पाठीवर ७५ किलो टाका, त्याहून जास्त नको. म्हणजे नुसत्या धान्याच्या एकोणसाठ खेपा, मीठ-तेल मिळून त्रेसष्ट. तुमच्या जगात पाऊस सह्याद्रीसारखा असेल तर चार महिने वाट बंद. उरलेल्या आठ महिन्यांत आठवड्याला जवळजवळ दोन खेपा. हे लपत नाही! डोंगर मठाला लपवत नसतो. खेचरवाल्याने गावात सांगायची गोष्ट त्याला लपवते. ती गोष्ट काय आहे ते आधी लिहा. मीठ वर्षाला साधारण १२० किलो लागेल आणि ते डोंगरात पिकत नाही, म्हणून मिठाच्या व्यापाऱ्याला माणसांची संख्या ठाऊक असते. खेळाडूंनी त्याला नीट प्रश्न विचारला तर त्याने ‘चोवीस जणांचं’ असं सहज बोलून जावं, जेव्हा पीठाच्या दप्तरात मठाची माणसं पंधरा आहेत.

पाणी : पिणं, स्वयंपाक आणि हात-पाय धुणं मिळून माणशी दहा लिटर धरा. आठ कोरड्या महिन्यांचे २४० दिवस म्हणजे ५७,६०० लिटर. सहा मीटर लांब, चार मीटर रुंद आणि २.४ मीटर खोल खडकात खोदलेलं टाकं बरोबर एवढं पाणी धरतं. टाकं उघडं असेल तर उन्हाने बरंच उडून जाईल, म्हणून त्याचं तोंड लहान आणि पोट मोठं ठेवा. संडास कुठे आहे तेही ठरवा, आणि तो टाक्याच्या वरच्या उताराला नसू द्या. नकाशात ही चूक हमखास होते.

हे डोळ्यांनी बघायचं असेल तर एखादा शनिवार काढा. लोणावळा लोकलने मळवलीला उतरून भाजे लेण्यांपर्यंत चालत जाता येतं. भिक्षूंच्या खोल्या, दगडात कोरलेले ओटे, बाहेरची टाकी सगळं आहे. टेप घेऊन जा आणि एका खोलीचं माप घ्या. तुमच्या नकाशात ‘साधूची खोली’ वीस फुटांची आहे, ती दिवाणखान्याएवढी होते. कार्ल्याला शिलालेख बघा. क्षत्रप राजा नहपानाचा जावई उषवदात याने वलूरकच्या, म्हणजे कार्ल्याच्याच, लेण्यांत राहणाऱ्या भिक्षूंच्या निर्वाहासाठी करजिक नावाचं गाव दिल्याची नोंद तिथे आहे. धान्य कुठून येतं हे तिथे दगडावर लिहिलंय. ही लेणी घाटातून जाणाऱ्या जुन्या व्यापारी वाटेच्या बाजूला आहेत हेही लक्षात घ्या. संन्यासी वाटेपासून फार लांब राहू शकत नाही, त्याला देणारे हात वाटेवर असतात. आणि बेडसे लेणी चुकवू नका. तिथल्या चैत्यासमोरचा (प्रार्थनागृहासमोरचा) खडक पूर्ण न फोडता तसाच ठेवलाय, मधून अरुंद बोळ आहे. समोरून पाहिलं तर दगडच दिसतो. बोळातून आत गेलं की एकदम ते उंच खांब अंगावर येतात. लपलेल्या मठाचं प्रवेशद्वार म्हणून याहून चांगलं काही सुचवता येणार नाही.

आता मठाचं खरं दुखणं, तेल. तपासनीस मोजणार, म्हणून तेल विकत घ्यावंच लागतं. छोटी पणती तासाला दहा मिलिलिटर तेल पिते आणि रोज दोन तास जळायला हवी असं धरा. चोवीस पणत्यांचं दिवसाला ४८० मिलिलिटर, वर्षाला १७५ लिटर. आणि हे जळत नाही! चाळीस लिटरचा रांजण धरला तर वर्षाला चार रांजण भरून वर थोडं उरतं, वीस वर्षांत सत्त्याऐंशी. ते ओतून टाकता येत नाही, कारण मातीत तेल मुरलं की गवत मरतं आणि तो काळा पट्टा डोंगरावर उठून दिसतो. खाली विकायला नेलं तर घाण्याच्या मक्तेदाराला कळतं. म्हणून ते आतल्या गुहेत साठतंय. कच्च्या भाजणीचा, झिलई नसलेला रांजण तेल पाझरतो. जमीन काळी, चिकट होते, धूळ बसते, उंदीर येतात. आणि वास. वर्षानुवर्षं साठलेल्या खवट तेलाचा वास कपड्यांत बसतो. बाजारात एखाद्या विणकराच्या अंगाला तो वास येऊ द्या. खेळाडूंना त्या वेळी त्याचा अर्थ कळणार नाही. पुढे मठाची पाहुण्यांची खोली उघडेल तेव्हा तोच वास सांगा.

तेल जवसाचं ठेवा, याला कारण आहे. जवसाचं तेल हवेतला ऑक्सिजन घेऊन घट्ट होत जातं आणि तसं होताना तापतं. पाझर पुसलेल्या चिंध्या कोपऱ्यात ढीग करून टाकल्या तर ती उष्णता बाहेर जात नाही आणि ढीग आपोआप पेटू शकतो. सुतारकाम करणारी माणसं म्हणूनच जवसाच्या तेलाचे बोळे पसरून वाळवतात किंवा पाण्यात टाकतात. दिवा न लावणाऱ्या मठात आग लागते आणि ती कोणी लावलेली नसते. मोहिमेचा शेवट हवाच असेल तर हा आहे. पण चिंध्यांचा ढीग खेळाडूंना किमान दोनदा आधी दिसलेला असू द्या, नाहीतर तुम्ही आयत्या वेळी फसवलं असं त्यांना वाटेल, आणि ते बरोबरच असेल.

गुपित कोणाला किती ठाऊक हे तीन थरांत ठेवा, सात नकोत. खालच्या गावातली अकरा घरं धान्य देतात, त्यांना मठ भला वाटतो एवढंच. पंधरा साधकांना नियम ठाऊक आहेत, कारण ठाऊक नाही. अंधारात बसणं ही त्यांच्या लेखी तपश्चर्या आहे. नऊ जणांना वाक्य ठाऊक आहे, आणि हेच नऊ पीठाच्या दप्तरात नाहीत. मग दप्तरातल्या पंधरा माणसांच्या पणत्यांपेक्षा तेल जास्त का घेतलं जातं? कारण नियमाप्रमाणे धर्मशाळेतल्या पाहुण्यांच्या नावावरही तेल चढतं, आणि हे नऊ जण कायमचे पाहुणे आहेत. मठाधिपतीला सर्वज्ञ करू नका. सगळ्यात जास्त कोठीवाल्याला माहीत असतं, त्याच्याकडे हिशेबाच्या वह्या आहेत. पुढच्या वेळी खेळाडूंनी मठाधिपतीला मारलं तरी मठ दुसऱ्या दिवशी सकाळी दळण दळेल.

प्रवेशविधीत रक्ताची शपथ काढून टाका. सहाव्या शतकातल्या संत बेनेडिक्टच्या नियमावलीत प्रवेशाचं प्रकरण आहे, त्यातून शिकण्यासारखं खूप आहे. दार ठोठावणाऱ्याला चार-पाच दिवस दारातच तिष्ठत ठेवायचं. मग पाहुण्यांच्या खोलीत, मग साधकांत. दोन महिन्यांनी पूर्ण नियमावली वाचून दाखवायची आणि जायचं असेल तर जा म्हणायचं. पुन्हा सहा महिन्यांनी, पुन्हा चार महिन्यांनी. शेवटी मठाचे कपडे द्यायचे, आणि त्याचे स्वतःचे कपडे फेकायचे नाहीत, जपून ठेवायचे. कधी तो सोडून निघाला तर तेच घालून जाईल. उघड्या मठात ही माया आहे. गुप्त मठात हाच सगळ्यात मोठा धोका आहे, कारण कपड्यांवरून गाव कळतं, जात-धंदा कळतो, शिंप्याचा हात कळतो. तुमच्या मठाने तरीही गाठोडी ठेवावीत. परत जायचा हक्क ते सोडत नाहीत, हीच त्यांची माणुसकी आणि हेच त्यांचं भगदाड.

सांकेतिक लिपी तुम्ही स्वतः बनवली आहे, बावन्न चिन्हांची. ती टेबलावर चालणार नाही. दीड तास सगळे मान खाली घालून कोडं सोडवतील आणि खेळ थंड होईल. आपल्याकडे महानुभाव पंथाने चौदाव्या शतकापासून सकळ, सुंदरी अशा लिपींत आपले ग्रंथ जपले. इतिहासाचार्य राजवाड्यांनी विसाव्या शतकाच्या सुरुवातीला सकळ लिपीची किल्ली उलगडली तोवर बाहेरच्याला ते वाचता येत नव्हते. ग्रंथ टिकले, पण न वाचता येणाऱ्या पोथ्यांबद्दल लोक वाटेल ते बोलत राहिले. गुप्ततेची ही किंमत तुमच्या मठालाही मोजू द्या: खालच्या गावात त्यांच्याबद्दल ज्या अफवा आहेत त्या सगळ्या खोट्या असाव्यात. एक विनंती मात्र मनापासून. महानुभाव हा आज नांदता पंथ आहे. त्यांची नावं, चिन्हं, वेश उचलून खेळातल्या पाखंड्यांना चढवू नका. यंत्रणा समजून घ्या, वस्तू स्वतःच्या घडवा.

लिपीऐवजी मौनी मठाला करपल्लवी द्या. नेत्रपल्लवी शब्द आपण रोज वापरतो, ही तिची बहीण. हाताच्या मुद्रेने वर्ग सांगायचा, बोटांनी त्या वर्गातलं कितवं अक्षर ते, आणि चुटक्यांनी काना-मात्रा. नागाच्या फण्यासारखा हात म्हणजे स्वर, कमळासारखा म्हणजे क-वर्ग, चक्र फिरवलं की च-वर्ग, टंकाराला ट-वर्ग, झाडाला त-वर्ग अशी ती परंपरेने चालत आली. खेळासाठी मात्रा सोप्या करा: काना एक चुटकी, वेलांटी दोन, उकार तीन, मात्रा चार, ओकार पाच. मग ‘तेल’ म्हणजे झाडाची मुद्रा, एक बोट, चार चुटक्या; मग य-वर्गाची मुद्रा, तीन बोटं. संदेश चार अक्षरांपेक्षा मोठा नको. पहिल्यांदा तुम्ही नुसतं करून दाखवा आणि काही सांगू नका. तुमच्या टेबलावर कोणीतरी चुटक्या मोजायला लागेलच.

खेळ चालवताना एक नेम पाळा. जी गोष्ट कळल्याशिवाय पुढे जाता येत नाही, तिच्या तीन वेगवेगळ्या खुणा तीन वेगवेगळ्या जागी पेरा. एक खूण खेळाडूंच्या नजरेतून सुटते, दुसरीचा ते भलताच अर्थ लावतात, तिसरी धरतात. ‘मठात दिवा लागत नाही’ यासाठी कोनाडा, भिंतीचा पट्टा आणि लवकर वाढलेलं जेवण एवढं पुरे. यातली एकही फासे टाकून मिळवायला लावू नका. फासे पडले नाहीत आणि गोष्ट अडली, असं व्हायला नको. पहिल्या सेशनला मठ दाखवूच नका, खेचरवाला आणि मीठवाला दाखवा. दुसऱ्यात पाहुणे म्हणून आत घ्या, आणि सांजबैठक आली की फ्लॅटमधले दिवे खरोखर बंद करा. पाच मिनिटं पुरेत. गॅलरीचं दार उघडं ठेवा. कोणी बोललं तर मठातला साधू फक्त ओठांवर बोट ठेवेल.

नावं मराठीतूनच काढा. टिपणांतलं ‘झारथूल’ कोणालाच लक्षात राहिलं नाही. कोठी, पाणोठा, पडवी, सांजबैठक हे शब्द खेळाडूंच्या तोंडात दुसऱ्या मिनिटाला बसतील.

टिपणांत एक ओळ आहे की एका खेळाडूचं पात्र हरवलेल्या थोरल्या भावाला शोधतंय. तिसऱ्या सेशनला गाठोड्यांची खोली उघडा आणि टेबलावर खरं गाठोडं ठेवा. जुन्या बाजारात सुती सदरा सहज मिळेल. तो एकदा साध्या पाण्यातून काढा, इस्त्री करू नका, घडी घालून आठ दिवस जड पुस्तकाखाली ठेवा म्हणजे घडीची रेघ धरेल. आत कडुलिंबाचा वाळलेला पाला टाका, कसर लागू नये म्हणून मठानेही तोच टाकला असता. सुतळीने बांधा. नाव कुठेही लिहू नका. त्या खेळाडूला आज फोन करून विचारा की लहानपणी भावाच्या सदऱ्याचं एक बटण कशाने तुटलं होतं, आणि जे उत्तर येईल तसं दुसऱ्या रंगाच्या दोऱ्याने ते बटण शिवून ठेवा.